याचिका मागे घेतली म्हणजे हरलो का?

तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. रात्री साडेनऊच्या सुमारास गावच्या ग्रुपवर मेसेज पडला, "शाळेची केस मागे घेतली." बस्स, एवढंच. अर्ध्या तासात खाली रिप्लायची रांग लागली. "किती घेतले?" "सांगितलं होतं की, हे लोक शेवटपर्यंत टिकणार नाहीत." "आता शाळेला कुलूप." एकानं तर माझ्या काकांचा फोटो टाकून खाली नुसतं हसणारं तोंड लावलं. याचिकेत पहिलं नाव काकांचं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी ते दूध घालायला डेअरीत गेले, कॅन ठेवला आणि कुणाशी एक शब्द न बोलता परत आले.

मी तेव्हा बीएच्या दुसऱ्या वर्षाला होते. राज्यशास्त्र विषय, मूलभूत हक्कांची कलमं तोंडपाठ. पण "मागे घेतली" या दोन शब्दांचा कोर्टातला अर्थ मलाही माहीत नव्हता. खरं सांगायचं तर त्या रात्री मीसुद्धा काकांवर चिडले होते. तो ऑर्डरचा कागद मी पहिल्यांदा नीट वाचला त्याला जवळजवळ वर्ष उलटून गेलं होतं. आज हे लिहितेय ते त्या वर्षाबद्दल. कारण सीमाभागात केस मागे घेतल्याच्या बातम्या पुढंही येत राहणार, आणि प्रत्येक वेळी आपण असंच एका ओळीवर भांडत बसलो तर खरं नुकसान कुठं होतंय ते आपल्याला कळणारच नाही.

आधी आमची केस काय होती ते सांगते. गावात मराठी प्राथमिक शाळा, पहिली ते सातवी. मंजूर शिक्षक चार. हजर दोन, त्यातले एक आठवड्यातले तीन दिवस दुसऱ्या शाळेत डेप्युटेशनवर. म्हणजे सात वर्गांना दीड शिक्षक. राज्यघटनेचं कलम ३५० अ सांगतं की भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक टप्प्यावर मातृभाषेतून शिकण्याच्या पुरेशा सोयी मिळतील असा प्रयत्न राज्यानं करावा. हे कलम १९५६ च्या सातव्या घटनादुरुस्तीनं आलं, म्हणजे आपण तेव्हाच्या म्हैसूर राज्यात ढकलले गेलो त्याच वर्षी. या कलमाचा आधार घेऊन शाळा समितीचे लोक आणि चार पालक धारवाड खंडपीठात गेले.

सुनावणीत सरकारी वकिलांनी एकच मुद्दा काढला. तुम्ही खात्याकडं लेखी मागणी कधी केली? ती नाकारल्याचा कागद कुठाय? आता आमची माणसं अधिकाऱ्यांना दहा वेळा भेटली होती. फोटो काढले होते, पेपरात बातमी आली होती. पण सहीशिक्क्याची पोच असलेलं एकही निवेदन फाईलला नव्हतं. "अमुक करा" असा हुकूम सरकारला द्या म्हणून कोर्टाकडं जायचं असेल, तर आधी ती गोष्ट सरकारकडं रीतसर मागितलेली असावी लागते आणि सरकारनं ती नाकारलेली किंवा नुसती दाबून ठेवलेली असावी लागते. हा जुना आणि पक्का नियम आहे. आमच्या वकिलांना ते तिथंच उमगलं. हट्टानं युक्तिवाद केला असता तर याचिका फेटाळली गेली असती आणि तो शिक्का कायमचा बसला असता. म्हणून त्यांनी याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली.

ऑर्डर चार ओळींची आहे. तिचा सारांश असा: याचिकाकर्त्यांनी खात्याकडं निवेदन द्यावं, गरज पडल्यास याच मागणीसाठी पुन्हा न्यायालयात येण्याची मुभा त्यांना राहील, या मुभेसह याचिका मागे घेतली म्हणून निकाली. ग्रुपवर आलं ते फक्त शेवटचं "मागे घेतली". मधला "मुभा" हा शब्द धारवाडहून गावापर्यंत येता येता कुठंतरी गळून पडला.

मित्रांनो, सगळा खेळ त्या एका शब्दाचा आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८, हिच्या ऑर्डर २३ मधला नियम १ या विषयावरचा आहे. दावा दाखल करणारा आपला दावा केव्हाही सोडून देऊ शकतो. पण त्याच विषयावर पुन्हा दावा लावायचा असेल तर मागे घेतानाच कोर्टाची परवानगी घ्यावी लागते. ती परवानगीही मागितली की मिळाली असं नसतं. दाव्यात काही तांत्रिक दोष असावा लागतो, नाहीतर तसंच दुसरं सबळ कारण असावं लागतं. अशी परवानगी न घेता दावा मागे घेतला, तर समोरच्याचा खर्च अंगावर येऊ शकतो आणि त्याच विषयाचा नवा दावा लावता येत नाही.

हा नियम दिवाणी दाव्यांचा. मग हायकोर्टातल्या रिट याचिकांचं काय? याचं उत्तर देणारा निकाल एका बस कंपनीच्या परमिटच्या भांडणातून आला, आणि त्यात ग्वाल्हेरचं नाव आहे. सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस विरुद्ध राज्य परिवहन अपील न्यायाधिकरण, ग्वाल्हेर. कंपनीनं मध्य प्रदेश उच्च न्यायालयात याचिका केली, पुन्हा येण्याची मुभा न मागता ती मागे घेतली आणि नंतर त्याच कारणासाठी दुसरी याचिका लावली. हायकोर्टानं ती ऐकायला नकार दिला. १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हायकोर्टाचं बरोबर ठरवलं. मुभा न घेता रिट याचिका मागे घेतली तर त्याच कारणासाठी हायकोर्टात दुसरी रिट याचिका चालणार नाही, कारण असं चालू दिलं तर लोक आपल्याला सोयीचे न्यायाधीश मिळेपर्यंत याचिका मागे घेत आणि लावत राहतील. दिवाणी दाव्यासारखे दुसरे मार्ग मात्र मोकळे राहू शकतात. आणि माणसाच्या स्वातंत्र्याचा प्रश्न असेल, म्हणजे कुणाला बेकायदा डांबून ठेवलं असेल, तर तिथं हा अडसर लावू नये असंही त्याच निकालात आहे.

म्हणजे वरवर एकच दिसणाऱ्या तीन गोष्टी मुळात वेगळ्या आहेत. एक, नुसती मागे घेतली. हे बहुतेक वेळा दार लावून घेणंच. दोन, दुसरीकडं दाद मागण्याची मुभा घेऊन मागे घेतली. म्हणजे खात्याकडं जा, न्यायाधिकरणाकडं जा, पण इथं परत येण्याबद्दल स्पष्ट काही नाही. तीन, याच मागणीसाठी पुन्हा याचिका करण्याची मुभा घेऊन मागे घेतली. आमची तिसऱ्या जातीची होती. काका हरले नव्हते. उलट हरण्यापासून केस वाचवून घरी आले होते.

इथंच लेख संपवला असता तर बरं वाटलं असतं. काका बरोबर, ग्रुपवरचे चुकले, विषय संपला. पण तसं नाही. मुभा मिळाली याचा अर्थ वेळ मिळाला असा होत नाही, आणि हे आम्हाला फार उशिरा कळलं.

त्याच ऑर्डर २३ मधला नियम २ वाचा. परवानगी घेऊन दावा मागे घेतला तरी नवा दावा लावताना मुदतीचा कायदा असा लागतो, जणू पहिला दावा कधी लावलाच नव्हता. म्हणजे पहिल्या दाव्यात गेलेली वर्षं सहसा वजा होत नाहीत. काही अपवाद आहेत, पण अपवादाच्या भरवशावर कुणी केस मागे घेऊ नये. रिट याचिकेला अशी ठरलेली मुदत नसते, तरी "इतके दिवस काय करत होता?" हा प्रश्न कोर्ट विचारतंच, आणि समाधानकारक उत्तर नसेल तर नुसत्या उशिरावरून याचिका जाऊ शकते.

कागदावरची वेळ एक आणि जमिनीवरची वेळ दुसरी. या दुसरीचं उदाहरण आपल्याच राज्यात आहे, कावेरीचं. मी या भांडणात कुणाची बाजू घेत नाही, तिकडच्या आणि इकडच्या दोन्ही शेतकऱ्यांना पाणी लागतंच. फक्त घटनाक्रम बघा. १९७१ मध्ये तामिळनाडूनं तेव्हाच्या म्हैसूर राज्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात दावा लावला. घटनेच्या कलम १३१ खाली, म्हणजे ज्या कलमाखाली आपला सीमाप्रश्नाचा दावा आहे त्याच. १९७२ मध्ये चर्चेतून तोडगा निघेल या आशेवर तो मागे घेतला गेला. सत्यशोधन समिती नेमली गेली, तिचे अहवाल आले, बैठकांमागून बैठका झाल्या. तोडगा निघाला नाही. त्या काळात इकडं काबिनी, हारंगी, हेमावती ही धरणं उभी राहिली. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याचिका घेऊन गेली ती तामिळनाडूतल्या कावेरी खोऱ्यातल्या शेतकऱ्यांची एक संघटना. १९८६ मध्ये तामिळनाडू सरकारनं केंद्राकडं लवादाची रीतसर मागणी केली. मे १९९० मध्ये कोर्टानं केंद्राला लवाद नेमायला सांगितलं आणि २ जून १९९० ला तो नेमला गेला. लवादाचा अंतिम निवाडा २००७ चा, त्यावर सर्वोच्च न्यायालयाचा निकाल फेब्रुवारी २०१८ चा.

१९७२ ते १९९०. अठरा वर्षं. दाद मागण्याचा हक्क संपला नव्हता, म्हणूनच लवाद नेमला गेला. पण लवादासमोर जे खोरं आलं ते १९७२ चं नव्हतं. मध्ये धरणं झाली होती, कालवे झाले होते, त्या पाण्यावर नवी शेती उभी राहिली होती आणि त्या शेतकऱ्यांचं पोटही आता त्याच पाण्यावर होतं. तामिळनाडूत तो दावा का मागे घेतला यावरून आजही राजकीय पक्ष एकमेकांना बोल लावतात. मला यातलं सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते वेगळंच. सरकारनं अर्ध्यात सोडलेली गोष्ट साध्या शेतकऱ्यांनी उचलली आणि कोर्टाच्या दारात परत नेली.

आता आमच्या गावाकडं येते. ऑर्डरमध्ये निवेदन द्या असं स्पष्ट लिहिलं होतं. काम काय होतं? दोन पानी निवेदन, त्याला ऑर्डरची नक्कल जोडायची, आवक क्रमांक घ्यायचा, पोच फाईलला लावायची. एका दिवसाचं काम. आम्ही ते किती दिवसांत केलं? अकरा महिन्यांत. काका रागानं गप्प बसले. समितीवाल्यांना वाटलं वकील बघतील. वकिलांना वाटलं गाववाले देतील. ग्रुपवर ज्यांनी "किती घेतले" विचारलं त्यातल्या एकानंही "आता पुढं काय करायचं" असं विचारलं नाही. आणि मी? मी कॉलेजात भाषिक अल्पसंख्याकांच्या हक्कांवर सेमिनार दिला. चांगले मार्क पडले.

तेवढ्या काळात पालक थांबले नाहीत, आणि त्यांनी का थांबावं? ज्यांना परवडत होतं त्यांनी पोरं तालुक्याच्या इंग्रजी शाळेत घातली. ज्यांना नव्हतं त्यांनी जवळच्या कन्नड शाळेत. याचिका केली तेव्हा पट साठच्या आसपास होता. आज चाळीसच्या खाली आहे. आता परत कोर्टात गेलो तर समोरून विचारणार, पट इतका कमी आहे तर चार शिक्षक कशाला? म्हणजे ज्या शिक्षकांसाठी भांडत होतो ते नसल्यामुळं पोरं गेली, आणि पोरं गेली म्हणून शिक्षक मिळणार नाहीत. आमचा हक्क कागदावर जसाच्या तसा आहे. तो बजावायला लागणारी पोरं कमी झालीत.

यावर कुणी म्हणेल, हे ठीक आहे, पण पुढारी खरंच सौदा करून केस मागे घेत नाहीत का? घेऊ शकतात. संशय घेणं चूक नाही. पण तो योग्य जागी घ्यायला शिकलं पाहिजे, आणि त्यासाठी कायद्यानं आपल्या हातात काही दिलंय. बऱ्याच लोकांच्या वतीनं एक-दोघांनी लावलेला प्रातिनिधिक दावा असेल, तर दिवाणी संहितेच्या ऑर्डर १ मधल्या नियम ८ प्रमाणं तो परस्पर मागे घेता येत नाही, तडजोडही करता येत नाही. ज्यांचा ज्यांचा संबंध आहे त्या सगळ्यांना कोर्टामार्फत नोटीस जावी लागते, तीही दावा लावणाऱ्याच्या खर्चानं. जनहित याचिकेत तर याच्याही पुढं जाता येतं. शीला बारसे यांनी तुरुंगात डांबलेल्या मुलांसाठी सर्वोच्च न्यायालयात याचिका केली होती. पुढं कामकाज रखडतंय म्हणून त्यांना ती मागे घ्यायची होती. १९८८ मध्ये कोर्टानं सांगितलं की अशी याचिका मागे घेणं हा याचिकाकर्त्याचा हक्क नाही, कारण ज्यांच्यासाठी ती आहे ती मुलं कोर्टासमोर नाहीत. त्यांना बाजूला होऊ दिलं आणि केस पुढं चालू ठेवली. तेव्हा पुढाऱ्याला "किती घेतले" विचारण्यापेक्षा हे विचारा: दावा प्रातिनिधिक होता का? असेल तर नोटीस कधी निघाली? ऑर्डरमध्ये मुभा आहे का, आणि कशाची आहे? या प्रश्नांची उत्तरं कागदावर असतात. ती दडवता येत नाहीत.

आता मोठ्या दाव्याबद्दल. २००४ चा मूळ दावा क्रमांक ४, महाराष्ट्र विरुद्ध कर्नाटक आणि केंद्र. ८६५ गावांचा. मधूनमधून आपल्यातलंच कुणीतरी म्हणतं, वीस वर्षं झाली, काही हलत नाही, महाराष्ट्रानं दावा मागे घ्यावा, चर्चेनं मिटवावं, नाही मिटलं तर मुभा आहेच, परत लावू. पिढ्यान् पिढ्या थकलेल्या माणसांना असं वाटणं मी समजू शकते. पण माझं मत स्पष्ट आहे: चर्चेसाठी दावा मागे घेऊ नये, मुभा घेऊनसुद्धा नाही.

एक कारण कावेरीचं, ते वर सांगितलं. दुसरं, चर्चेला दावा आड येत नाही. १४ डिसेंबर २०२२ ला केंद्रीय गृहमंत्र्यांनी दोन्ही मुख्यमंत्र्यांना दिल्लीत बसवलं, दोन्हीकडच्या तीन-तीन मंत्र्यांची समिती ठरली, आणि कोर्टाचा निकाल येईपर्यंत कुणी कुणाच्या भागावर हक्क सांगायचा नाही असंही ठरलं. दावा उभा होता तरी बैठक झालीच की. तिसरं, दावा चालू असतानाही जमिनीवरचं थांबलेलं नाही. २०१२ मध्ये बेळगावात सुवर्ण विधानसौध उघडलं, २०१४ मध्ये शहराचं नाव बदललं. दावा असताना हे, तर नसताना काय? चौथं कारण मला सगळ्यात जास्त टोचतं. नवा दावा म्हणजे नवा नंबर, नवे समन्स, नवे जबाब, सगळं पहिल्यापासून. १९५६ मध्ये जे वीस वर्षांचे होते ते आज नव्वदीच्या घरात आहेत. त्यांना "परत पहिल्यापासून" कसं सांगायचं?

आणि एक गोष्ट आपण विसरतो. त्या दाव्यात आपण पक्षकार नाही. तो चालवायचा की मागे घ्यायचा ते मुंबईत ठरणार. आपण दबाव आणू शकतो, सही आपली नाही. पण शाळेची, दाखल्यांची, मराठीतून परिपत्रकं मिळण्याची, जमिनीची जी छोटी छोटी प्रकरणं धारवाडला किंवा तालुक्याच्या कोर्टात आहेत, ती आपली आहेत. तिथं सही आपलीच असते. तिथं दिलेला "मुभा" हा शब्द सांभाळायची जबाबदारीही आपलीच.

म्हणून या पेजवरच्या माझ्या वयाच्या सगळ्यांना एक विनंती. तुमच्या गावची, गल्लीची, शाळेची एखादी केस कधीतरी "मागे घेतली" असेल तर तिची ऑर्डर शोधा. हायकोर्टाच्या वेबसाईटवर केस नंबर टाकला की सहसा मिळते, ई-कोर्ट्सच्या ॲपवरूनही शोधता येते. ती स्वतः वाचा, वाचून कुणाला कळत नसेल तर त्याला समजावून सांगा. मुभा कशाची आहे ते बघा. कोर्टानं काही करायला सांगितलं होतं का, आणि ते झालं का ते बघा. झालं नसेल तर कुणाला शिव्या न देता या आठवड्यात ते करा, पोच घ्या, पोचेचा फोटो त्याच ग्रुपवर टाका. ज्या ग्रुपवर "मागे घेतली" पडलं होतं तिथंच "निवेदन दिलं, आवक क्रमांक अमुक" पडलं पाहिजे.

आम्ही निवेदन दिलं त्यालाही आता दीड वर्ष होत आलं. दोन स्मरणपत्रं गेलीत. उत्तर नाही, आणि या वेळी उत्तर न आल्याचाही कागद आमच्याकडं आहे. गेल्या महिन्यात वकिलांना भेटून आलो. नव्या याचिकेत पहिलं नाव कुणाचं घालायचं यावर घरी चर्चा झाली. मी म्हटलं, काका, या वेळी राहू दे, तुम्हाला फार ऐकून घ्यावं लागलं. ते म्हणाले, "मुभा माझ्या नावावर आहे. मीच जाणार."

शाळेत आज सदतीस पोरं आहेत. जूनमध्ये पहिलीत किती येतील ते अजून कुणी सांगू शकत नाही. त्याच्या आत कागद धारवाडला पोचवायचाय.